न झालेल्या गोलांची वही

शाहू स्टेडियमच्या पायऱ्या उन्हाळ्यात इतक्या तापायच्या की आबा घरातून निघतानाच जुनं पोतं घडी करून काखेत मारायचे. मॅच पाटाकडीलची असो, खंडोबाची असो नाहीतर शिवाजी तरुण मंडळाची, आमची बसायची जागा ठरलेली होती. गोलपोस्टच्या मागच्या बाजूला, कडेला. तिथून पलीकडच्या टोकाचं काही धड दिसत नाही, पण अलीकडचा डिफेन्स मात्र हाताच्या अंतरावर असल्यासारखा दिसतो. कोल्हापुरात फुटबॉलचं वेड पेठापेठांत, तालमीतालमींत आहे हे नव्यानं सांगायला नको. दुसऱ्या दिवशी शाळेत सगळी मुलं गोल कुणी मारला, कसा मारला, तेच बोलायची. आबा रात्री जेवताना आईला सांगायचे ते निराळंच असायचं. "आज त्यांच्या स्टॉपरनं काय बॉल काढल्यात, सांगतो तुला." आईला त्यातलं काही कळत नव्हतं, पण ती ऐकायची. मला वाटायचं, आमचे आबा वेगळीच मॅच बघून येतात.

आबा उद्यमनगरात लेथवर काम करायचे. तरुणपणी पेठेच्या टीममधून बॅक म्हणून, म्हणजे बचावफळीत, खेळले होते. त्यांच्या शर्टाच्या खिशात एक छोटी वही असायची. तिच्यात कामाची मापं लिहिलेली असायची, आणि तीच वही उलटी धरली की मागच्या पानांवर उभ्या रेघा. चार उभ्या, पाचवी आडवी. कित्येक वर्षं मी त्या रेघांना कामाच्या नगांचा हिशेब समजत होते.

पुढे कॉलेजात आमची मुलींची टीम उभी राहिली. उभी राहिली म्हणजे अकरा जणी कशाबशा गोळा झाल्या. चार हँडबॉलच्या, दोघी कबड्डीच्या, एक लांब उडी मारणारी. मला डाव्या बाजूला बॅक खेळायला मिळालं, कारण दुसऱ्या कुणाला ते नकोच होतं. आबांना कोण आनंद झाला! गांधी मैदानावर ते मला पहाटे घेऊन जायचे आणि स्वतः बॉल पायात घेऊन माझ्या अंगावर यायचे. "बॉलकडं बघू नगंस. पायाकडंबी नगंस. कमरंकडं बघ. पाय खोटं बोलतोय, डोळं खोटं बोलत्यात, कंबर न्हाई बोलत." सरळ अंगावर जायचं नाही, जरा तिरकं उभं राहायचं. समोरचीला आत येऊ द्यायचं नाही, हळूहळू बाहेर, रेषेकडे ढकलत न्यायचं. आणि सगळ्यात शेवटी, अगदीच इलाज नसेल तर, जमिनीवर जायचं. "बॅक खाली बसला की खेळ संपला त्याचा. उभा हाय तवर काम हाय."

हे सगळं पाठ असूनही एका मॅचमध्ये मी बॉलकडे बघितलं. स्कोअर ०-०, शेवटची पाच-सात मिनिटं उरलेली. त्यांची विंगर दिवसभर माझ्या अंगावर येत होती आणि दिवसभर मी तिला बाहेर काढत होते. त्या वेळी तिनं उजव्या पायाची हूल दिली, मी खाली गेले, बॉल निघून गेला आणि ती माझ्या पायाला अडखळून पडली. पेनल्टी. आम्ही १-० हरलो. आमच्या टीममधल्या कुणी मला काही बोललं नाही, हे जास्त लागलं.

आबांच्या एम-एटीवर मागे बसून घरी निघाले. रंकाळ्यापर्यंत ते गप्प होते. तिथं कट्ट्याजवळ त्यांनी गाडी स्टँडला लावली, खिशातली वही काढली, उलटी केली आणि माझ्यापुढे धरली. पानावर तेलकट अंगठ्याचा डाग होता आणि त्याच्या शेजारी रेघा. तीन जुड्या आणि वर दोन.

"सतरा बॉल काढलीस तू आज," ते म्हणाले. "मी मोजल्यात. अठरावा गेला."

त्या दिवशी मला कळलं, त्या रेघा कामाच्या नव्हत्या.

हे सगळं मनात असल्यामुळे असेल, मणिपूरच्या लोइतोंगबम आशालता देवीची कारकीर्द मी जशी बघत आले तशी दुसऱ्या कुठल्याही खेळाडूची बघितली नाही. इंफाळची, जन्म ३ जुलै १९९३ चा. भारताच्या महिला संघाची कितीतरी वर्षं कर्णधार, आणि खेळायची जागा बचावफळीच्या मधोमध. मणिपूरच्या मुलींचं फुटबॉल हा वेगळाच विषय आहे. वरिष्ठ महिलांची राष्ट्रीय स्पर्धा त्या एका छोट्या राज्यानं वीसहून अधिक वेळा जिंकली आहे. ओइनाम बेमबेम देवी तिथली, बाला देवी तिथली. भारताच्या संघाची यादी वाचायला घेतली की अर्धी आडनावं मणिपूरची निघतात. आशालताही त्याच मातीतली.

तिचं नाव माझ्या मनात पक्कं बसलं ते २०१९ मध्ये. काय वर्ष होतं ते! मार्चमध्ये नेपाळच्या विराटनगरला सॅफ, म्हणजे दक्षिण आशियाई देशांच्या, स्पर्धेची फायनल, यजमान नेपाळविरुद्ध ३-१ असा विजय, आणि करंडक उचलणारी कर्णधार आशालता. त्या फायनलचा पहिला गोल दालिमा छिब्बरच्या फ्री किकचा होता, आणि दालिमाही बचावपटूच. मे महिन्यात लुधियान्याला तमिळनाडूच्या सेतू एफसीकडून खेळताना इंडियन विमेन्स लीगचं विजेतेपद. त्या मोसमाची देशातली सर्वोत्तम महिला खेळाडू म्हणून अखिल भारतीय फुटबॉल महासंघानं तिलाच निवडलं. आणि वर्षाच्या शेवटी आशियातल्या सर्वोत्तम खेळाडूच्या नामांकनात तिचं नाव आलं. तो मान शेवटी जपानच्या साकी कुमागाईला मिळाला. तीसुद्धा बचाव करणारीच. आबांना मी फोन करून हे सांगितलं तेव्हा त्यांना पुरस्कार कुणाला मिळाला याचं काही नव्हतंच. "दोघीबी बॅक?" एवढंच त्यांनी दोनदा विचारून घेतलं.

पण त्याच वर्षातली माझ्या वहीतली मोठी मॅच या विजयांतली नाही. एप्रिलमध्ये म्यानमारच्या मंडालेला ऑलिंपिक पात्रतेची दुसरी फेरी झाली. भारताच्या मुली या फेरीपर्यंत पहिल्यांदाच पोचल्या होत्या. इंडोनेशियाला २-० हरवलं, नेपाळला ३-१. मग शेवटची मॅच म्यानमारशी, त्यांच्याच गावात, ३-३. दोन्ही संघांचे गुण सारखे झाले आणि गोलफरकावर म्यानमार पुढे गेलं. गोलफरक हा शब्द ऐकून लोक मारलेल्या गोलांचा विचार करतात. मी त्या रात्री खाल्लेल्या गोलांचा करत बसले. तीन मॅचमध्ये एकही न हरता संघ घरी परततो. बचावपटूच्या कारकिर्दीत अशा स्पर्धा किती खोल रुतून बसत असतील, याचा अंदाज मला एका कॉलेजच्या मॅचवरून येतो.

वही मी कधी सुरू केली ते सांगायला हवं. लग्नानंतर नेरूळला आले, नोकरी, मुलगा, गुडघ्याचं दुखणं, या सगळ्यात फुटबॉल सुटलाच होता. २०१७ च्या जानेवारीत बायकांची राष्ट्रीय लीग दिल्लीत सुरू झाल्याची बातमी वाचली आणि अंगावर काटा आला. आमच्या वेळी असं काही असतं तर, हा विचार येणारच. मग नीट वाचलं. सहा संघ, सगळे सामने एकाच शहरात, आणि फेब्रुवारीच्या मध्यावर लीग संपलीसुद्धा. म्हणजे अख्खा मोसम तीन आठवड्यांच्या आत. उरलेलं वर्ष या मुलींनी व्यावसायिक खेळाडू म्हणून कसं काढायचं, याचं उत्तर कुणाकडे नव्हतं. नोकरी असली तर पोलिसात, रेल्वेत, नाहीतर घरी. पुढं लीग वाढत गेली, २०२३-२४ पासून स्वतःच्या आणि दुसऱ्याच्या मैदानावर अशी नीट खेळवली जाऊ लागली. २०२३ मध्ये महासंघानं नियम केला की प्रत्येक क्लबनं किमान दहा भारतीय खेळाडूंना वर्षाला निदान ३ लाख २० हजार रुपये द्यायचे. महिन्याला सव्वीस-सत्तावीस हजार. देशातल्या सगळ्यांत वरच्या लीगमधली ही किमान रक्कम. हे आधी नव्हतं, आता आहे, म्हणून मला बरंच वाटलं. पण आशालता तेव्हा तिशीला टेकली होती. तिची उमेदीची वर्षं त्या तीन-तीन आठवड्यांच्या मोसमांत गेली.

तर २०१७ साली, त्या पहिल्या लीगच्या वेळी, मी मुलाची एक कोरी वही घेतली आणि आबांसारख्या रेघा ओढायला लागले. ऑनलाइन जी मॅच दिसेल ती. मारलेल्या गोलाला रेघ नाही. गोलाकडे निघालेला बॉल कुणी काढला, पास मधेच तोडला, समोरचीला रेषेबाहेर घालवलं, की रेघ.

मनाऊसची मॅच मात्र मोजता मोजता मी सोडून दिली. २५ नोव्हेंबर २०२१, ब्राझील. भारताच्या वेळेनं पहाट होती. बाहेर अंधार, घरात सगळे झोपलेले, मोबाइलचा आवाज बंद. पहिल्याच मिनिटाला देबिन्यानं गोल केला आणि आठव्या मिनिटाला मनीषा कल्याणनं तो फेडला. भारत १, ब्राझील १! मनीषाचा तो गोल सगळ्यांनी पुन्हा पुन्हा बघितला, आणि बघावा असाच आहे तो. माझं म्हणणं त्याच्यानंतरच्या अर्ध्या तासाबद्दल आहे. त्या वेळात ब्राझीलसारख्या संघाच्या लाटांवर लाटा येत होत्या आणि मध्यंतराला स्कोअर २-१ होता. फक्त २-१. माझ्या पानावर रेघांना जागा पुरेना. दुसऱ्या अर्ध्यात पाय जड झाले आणि चार गोल गेले. अंतिम स्कोअर ६-१. त्याच मॅचमध्ये फॉर्मिगानं, वयाच्या त्रेचाळिसाव्या वर्षी, ब्राझीलच्या जर्सीचा निरोप घेतला. सकाळी मी आबांना फोन केला. "सा गेलं," मी म्हटलं. "आणि काढलं किती?" त्यांचा प्रश्न. मला सांगता आलं नाही. मी मधेच वही मिटली होती. आबा रागावले नाहीत, पण "असं मधीच उठायचं नसतं," एवढं बोलले. ते मला लागलं. मैदानावरच्या कुणी मधेच उठलं नव्हतं.

मग जानेवारी २०२२ आला.

आशिया चषक भारतात, आणि तोही आमच्या दारात. नवी मुंबईचं डी. वाय. पाटील स्टेडियम, अंधेरीचं मैदान आणि पुण्याचं बालेवाडी. महाराष्ट्रात तीन ठिकाणी आशियातल्या सर्वोत्तम बायका खेळणार होत्या. पंचवीस वर्षांपूर्वी गांधी मैदानावर पहाटे बॉल मारणाऱ्या मुलीला कुणी हे सांगितलं असतं तर तिला खरंच वाटलं नसतं. भारत १९८० मध्ये आणि १९८३ मध्ये या स्पर्धेत उपविजेता होता, हे आज किती जणांना माहीत आहे? २००३ नंतर तर आपण या स्पर्धेत दिसलोच नव्हतो. मधे एक काळ असा गेला की पुरेशा मॅचच न खेळल्यामुळे भारताच्या महिला संघाचं नाव फिफाच्या क्रमवारीतून गळलं होतं. तो संघ आता घरच्या मैदानावर उतरणार होता, आणि इथून पुढे गेलं तर विश्वचषकाचा रस्ता होता.

करोनाचे दिवस होते. स्टेडियमचे दिवे आमच्या गच्चीवरून दिसत होते आणि मॅच मी घरात बसून बघत होते. २० जानेवारी, इराणविरुद्ध. इराणचा संघ या स्पर्धेत पहिल्यांदाच आलेला. आबा कोल्हापुरात टीव्हीसमोर, मी इथं, मधे फोन चालू. आमचं ठरलं होतं, दोघांनी वेगवेगळं मोजायचं आणि शेवटी आकडे ताडून बघायचे.

त्या मॅचमध्ये जोर भारताचाच होता. इराणच्या गोलरक्षकानं चांगले बॉल अडवले. अशा मॅचमध्ये मधल्या बॅकचं काम सोपं असतं असं वाटतं. तसं नसतं. सतत मारा होत असला की अंग गरम राहतं, डोकं जागेवर राहतं. आपलाच संघ पुढे असला की बॅक मधल्या वर्तुळाजवळ उभी राहते, पाच मिनिटं, आठ मिनिटं, बॉल लांब कुठंतरी, आणि मग एक लांब पास येतो आणि तिच्या मागे अर्धं मैदान मोकळं असतं. त्या एका क्षणासाठी नव्वद मिनिटं जागं राहायचं. आशालताला मी त्या मोकळ्या वेळात बघत होते. कॅमेरा तिच्यावर क्वचितच जायचा, कडेला कुठंतरी दिसायची तेवढीच. बॉल पलीकडच्या टोकाला असतानाही मान सारखी वळत होती. डावीकडे, मागे, पुन्हा पुढे. हातानं कुणाला तरी दोन पावलं आत बोलावत होती. मग इराणचा एक लांब बॉल आला तेव्हा ती धावली नाहीच जवळजवळ. ती आधीच तिथं होती. बॉल छातीवर घेतला, बाजूच्या मुलीला दिला, आणि पुन्हा मान डावीकडे.

"ही बघ," फोनवर आबा म्हणाले. "ही खाली बसत न्हाई."

०-०. बाहेरच्या लोकांना ती मॅच कंटाळवाणी वाटली असेल, आणि गोल हुकल्याची हळहळ मलाही होतीच. आमचे दोघांचे आकडे जुळले नाहीत. मी जिथं एक रेघ ओढली होती तिथं आबांनी दोन ओढल्या होत्या, कारण त्यांच्या मते बॉल यायच्या आधी योग्य जागी उभं राहणं हेसुद्धा एक काढणंच आहे. त्यावर आम्ही पाऊण तास भांडलो. कितीतरी वर्षांत आबांशी इतकं सलग बोलले नव्हते.

पुढची मॅच २३ जानेवारीला, चायनीज तैपेईशी, म्हणजे तैवानशी. मी दुपारीच नवं पान काढून वर लिहून ठेवलं: भारत – तैवान, २३ जानेवारी, नेरूळ. संध्याकाळी बातमी आली की भारताच्या बारा खेळाडूंना करोनाची लागण झाली आहे. त्या स्पर्धेच्या नियमाप्रमाणे मॅच खेळायला किमान तेरा जणी लागत होत्या, तेवढ्या उभ्या राहू शकत नव्हत्या. मॅच झालीच नाही. दुसऱ्या दिवशी कळलं की नियमाप्रमाणे भारत स्पर्धेतून बाहेर, आणि झालेली मॅचही हिशेबातून रद्द. ते ०-० सुद्धा पुसलं गेलं. माझ्या वहीत ते पान आहे, स्पर्धेच्या तक्त्यात नाही.

त्या आठवड्यात मला झोप लागली नाही, हे मी कुणाला सांगितलं नाही. आपल्या घरात कुणी आजारी नाही, कुणाचं काही गेलं नाही, आणि आपण एका रद्द झालेल्या मॅचसाठी रात्री जागतोय, हे समजावायचं कुणाला? आमच्या घरापासून काही मिनिटांच्या अंतरावर, एका हॉटेलच्या खोल्यांत, वीस-बावीस मुली दारं लावून बसल्या होत्या. वर्षभर ज्यासाठी तयारी केली ते स्टेडियम त्यांना कदाचित खिडकीतूनही दिसत नसेल. त्यांची कर्णधार त्या वेळी काय करत असेल? मैदानावर तिचं काम होतं समोरून येणारं काहीतरी अडवणं. हे येत होतं ते समोरून नव्हतं.

मे महिन्यात ती पुन्हा उभी राहिली. भुवनेश्वरला गोकुलम केरळा या क्लबची कर्णधार म्हणून अकराच्या अकरा मॅच जिंकून लीगचं विजेतेपद घेतलं. विजेतेपद ठरवणाऱ्या शेवटच्या मॅचमध्ये सेतूविरुद्ध संघ सुरुवातीलाच एका गोलनं मागे पडला होता. बरोबरीचा गोल पेनल्टीवर झाला आणि तो मारला आशालतानं. शेवटी ३-१. मला तिचा तो पेनल्टी बघताना माझी जुनी पेनल्टी आठवली, दुसऱ्या बाजूची.

आणि मग ऑगस्ट. त्या विजेतेपदामुळे गोकुलमला आशियाई क्लब स्पर्धेत जायचं होतं, उझबेकिस्तानात. संघ ताश्कंदला पोचला आणि त्याच सुमाराला फिफानं भारतीय महासंघावर बंदी घातली. कारभारात बाहेरचा हस्तक्षेप झाला म्हणून. मुलींचा त्यात काय संबंध? काहीच नाही. पण बंदी म्हणजे बंदी. पंतप्रधानांपर्यंत विनवण्या झाल्या. स्पर्धेत खेळू दिलं गेलं नाही, संघ तसाच परत आला. २६ ऑगस्टला बंदी उठली, तोवर वेळ निघून गेली होती.

एका वर्षात दोनदा. एकदा घरच्या मैदानावर, एकदा परक्या मुलखात, आणि दोन्ही वेळा कर्णधार तीच. आघाडीच्या खेळाडूच्या वाट्याला असं आलं असतं तरी वाईटच होतं, मी नाही म्हणत नाही. पण तिच्याकडे निदान मागे वळून बघायला गोल असतात. बॅकनं काय दाखवायचं? ज्या मॅचमध्ये तिनं काही होऊ दिलं नाही ती मॅच पुसली गेली, आणि ज्यांत काही करता आलं असतं त्या झाल्याच नाहीत.

त्याच वर्षी ३० ऑक्टोबरला मात्र मी डी. वाय. पाटीलमध्ये प्रत्यक्ष बसले होते. सतरा वर्षांखालच्या मुलींच्या विश्वचषकाची फायनल, स्पेन आणि कोलंबिया. मुलाला घेऊन गेले होते. सवयीनं जागा बघितली ती गोलच्या मागे, कडेला. ८२ व्या मिनिटापर्यंत ०-०. मग गोलसमोरच्या गडबडीत बॉल कोलंबियाच्या आना मारिया गुझमानला लागून तिच्याच जाळ्यात गेला. स्वयंगोल. स्पेन १-०, विश्वविजेता. सगळं स्टेडियम उभं राहून ओरडत होतं आणि मुलगा माझा हात ओढत विचारत होता, "आई, कुणी मारला? कुणी मारला?" बोर्डावर तिचं नाव आलं, बाजूला स्वयंगोलाची ती दोन अक्षरं, ओ. जी. मी खाली बसले. मुलाला म्हटलं, "थांब जरा." माझ्या वहीच्या त्या पानावर तिच्या नावासमोर रेघा होत्या, त्याच दिवसाच्या. त्या मी त्याला दाखवल्या. त्याला काही कळलं नाही, दहा वर्षांचा होता. पण त्यानं बोट ठेवून मोजल्या.

पुढच्या वर्षी ऑगस्टमध्ये मेलबर्नला, मोठ्या बायकांच्या विश्वचषकात, कोलंबिया आणि जमैका. ०-० असताना गुझमाननं लांबून बॉल दिला आणि कातालिना उस्मेनं तो जाळ्यात घातला. १-०, कोलंबिया उपांत्यपूर्व फेरीत. गुझमान तेव्हा अठरा वर्षांची होती. नेरूळच्या त्या रात्रीनंतर दहाच महिन्यांत हा पास! पुढे जर्मनीच्या बायर्न म्युनिकनं तिला घेतलं. मुलगा शाळेतून आल्यावर त्याला क्लिप दाखवली. त्यानं नाव ओळखलं.

आशालताची शंभरावी आंतरराष्ट्रीय मॅच १७ ऑक्टोबर २०२४ ला काठमांडूला झाली. सॅफ स्पर्धेत, पाकिस्तानविरुद्ध. शंभर मॅच खेळणारी ती पहिली भारतीय महिला. वयाच्या एकतिसाव्या वर्षी. संघाला वर्षाकाठी मिळणाऱ्या मॅच बघितल्या तर हा आकडा गाठायला किती काळ तग धरावा लागला असेल ते कळतं. भारत ५-२ जिंकला. त्याच मॅचमध्ये बाला देवीनं आपला पन्नासावा आंतरराष्ट्रीय गोल केला. दोघी मणिपूरच्या, दोघी इतकी वर्षं एकत्र, एक पुढे, एक मागे. बातम्यांत बालाचा गोल मोठा होता, त्यात गैर काही नाही. पन्नास हा आकडा मोजता येतो. शंभर मॅचमध्ये जे गोल झाले नाहीत त्यांची नोंद कुठं शोधायची? त्या दिवशीही दोन गेलेच. तेवढे दोन मात्र तक्त्यात आहेत.

आबा आता ऐंशीच्या घरात आहेत. मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं, तरी छोट्या पडद्यावरचा बॉल त्यांना दिसत नाही. मॅच असली की मी फोन लावते आणि सांगत जाते, ते तिकडे रेघा ओढतात. अंदाजानं ओढतात, एकीवर एक येतात. आईच्या म्हणण्याप्रमाणे त्या वहीतलं आता त्यांचं त्यांनाही वाचता येत नाही.

जुलै २०२५ मध्ये आपल्या मुलींनी चियांग माईला थायलंडला २-१ हरवलं. दोन्ही गोल संगीता बासफोरचे. पात्रता फेरी खेळून आशिया चषक गाठण्याची ही पहिलीच वेळ. स्पर्धा ऑस्ट्रेलियात. महिनाअखेरीला गटांची सोडत निघाली आणि मी आबांना वाचून दाखवली. जपान, व्हिएतनाम, भारत.

"आणि चौथा?"

"तैवान."

फोनवर बराच वेळ काही आवाज नव्हता. मला वाटलं लाइन तुटली.

"ते पान फाडलं न्हाईस न्हवं?" आबा म्हणाले.

"नाही, आबा. तसंच आहे."